संशयाचा फायदा

माझ्या धाकट्या काकांना खुनाच्या गुन्ह्यात जन्मठेप झाली तेव्हा मी दहावीत होते. खून त्यांनी केला नव्हता. हे वाक्य मी इतक्या जणांपुढे बोलले आहे की आता नुसतं लिहितानाही समोर कुणीतरी बसलंय आणि त्याला पटतंय की नाही हे बघावंसं वाटतं.

आम्ही मुळशीतल्या भरे गावचे. वडील आणि काका दोघंच भाऊ. वडिलांनी शेती धरली, काकांनी जीप. पौड ते कोळवण अशी त्यांची वडापची फेरी असायची. आत माणसं, टपावर भाताची पोती, मागच्या फळीला लटकलेली कॉलेजची पोरं. काका घरात फारसे बोलत नसत, पण स्टिअरिंगवर बसले की तोंडाला खळ नसायचा. कुणाची म्हैस व्याली, कुणाच्या जावयानं काय केलं, सगळं त्यांना ठाऊक. म्हाताऱ्या बायकांना ते रस्त्यावर उतरवत नसत, पार दारापर्यंत नेऊन सोडत. मागच्या सीटवरचे लोक कुरकुरायचे. काका आरशात बघून म्हणायचे, "तुमची बी आय म्हातारी हुईल की."

कोळवणच्या खोऱ्यात तेव्हा शहरातल्या लोकांची फार्महाउसं उभी राहत होती. त्यातलं एक एका निवृत्त गृहस्थांचं होतं. बायको वारलेली, मुलगा परदेशात. ते शुक्रवारी एसटीनं पौडला उतरायचे आणि काकांच्याच जीपची वाट बघायचे, कारण काका त्यांना फाटकापर्यंत सोडायचे. त्या शुक्रवारीही काकांनी त्यांना सोडलं. पिशव्या ओट्यावर ठेवल्या, तांब्याभर पाणी प्यायले आणि मोकळी गाडी घेऊन परतले. वाटेत एकही माणूस मिळाला नाही. एरवी ही साधी गोष्ट होती. पुढं तीच त्यांच्या मुळावर आली, कारण ते किती वाजता निघाले हे सांगणारं कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूधवाल्याला ते गृहस्थ ओट्यावर पडलेले दिसले. डोक्यात घाव होता. गळ्यातली साखळी नव्हती.

पोलीस आले तेव्हा काका अंगणात जीप धूत होते. मी शाळेची वेणी घालत दारात उभी होते. "चौकशीला चला," एवढंच ते म्हणाले. काकांनी फडक्याला हात पुसले आणि किल्ली वडिलांच्या हातात दिली. "दादा, कोळवणची पाशिंजरं थांबली आसतील. कुनाला तरी गाडी घिऊन लाव." वडिलांना गाडी येत नव्हती. ते किल्ली मुठीत धरून तसेच उभे राहिले. थोड्या वेळानं पोलीस परत आले आणि किल्लीही घेऊन गेले, जीपही.

जीपच्या सीटखाली टॉमी सापडली. टॉमी म्हणजे जॅक फिरवायची लोखंडी दांडी. ती प्रत्येक जीपमध्ये असते. काकांच्या टॉमीवर गंज होता आणि गंजाखाली काहीतरी डाग होते. ते रक्ताचे आहेत की नाहीत हे तपासणीत शेवटपर्यंत ठरलं नाही. दुसरा पुरावा म्हणजे त्या गृहस्थांबरोबर शेवटचे दिसले ते काकाच. आणि तिसरी, सगळ्यांत मोठी गोष्ट, एक बाई. खोऱ्याच्या वरच्या अंगाला धनगरांची वस्ती आहे, तिथली ही बाई उतारावर शेरडं चारत होती. दिवस मावळता मावळता तिनं फार्महाउसच्या फाटकातून एक माणूस बाहेर येताना बघितला. त्याच्या अंगात आकाशी शर्ट होता. काकांच्या अंगात त्या दिवशी आकाशी शर्ट होता.

खटल्याच्या प्रत्येक तारखेला वडील पुण्याला जायचे. ज्या दिवशी त्या बाईची साक्ष झाली त्या दिवशी आल्यावर त्यांनी आईला सांगितलेलं मी आतून ऐकलं. ती नवं लुगडं नेसून आली होती. सरकारी वकिलानं विचारलं, तो माणूस इथं आहे का? तिनं सगळीकडं बघितलं आणि मग बोट उचललं. "ह्योच." वडील म्हणाले, "तिचा हात जरा बी हालला न्हाई."

निकालाच्या दिवशी वडील दारातल्या पायरीवर वहाणा काढायला बसले ते बसूनच राहिले. आई पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. "काय झालं वो?" तिनं विचारलं. वडील म्हणाले, "जलमठेप." काकू चुलीपाशी होत्या. त्यांनी भाकरी तव्यावरून काढली, नीट टोपलीत ठेवली, आणि मग त्यांचा आवाज फुटला. त्यांच्या लग्नाला तेव्हा पुरती दोन वर्षंही झाली नव्हती. पुढच्या उन्हाळ्यात त्यांचे भाऊ येऊन त्यांना घेऊन गेले. नंतर कळलं की घोडनदीकडं कुठंतरी त्यांचं दुसरं लग्न लावून दिलं. आमच्या घरात त्यांना कधी कुणी नावं ठेवली नाहीत. त्या जाताना आईच्या गळ्यात पडून रडल्या होत्या, ते आम्ही बघितलं होतं.

गावानं आम्हाला वाळीत वगैरे टाकलं नाही. तसं कुणी काही करत नाही आता. फक्त मी पिठाच्या गिरणीत गेले की तिथलं बोलणं थांबायचं आणि गिरणीचा आवाज तेवढा राहायचा. काकांची जीप मुद्देमाल म्हणून जप्त होती, पोलीस ठाण्याच्या आवारात उघड्यावर. कॉलेजला जाताना एसटीच्या खिडकीतून ती दिसायची. आधी टायर बसले, मग काचा गेल्या, मग बॉनेटमधून एरंडाचं झाड वर आलं.

अपील वर्षानुवर्षं पडून होतं. मी बीकॉम झाले, पिरंगुटच्या एका कंपनीत डिस्पॅचला लागले. आणि एके दिवशी वकिलांचा फोन आला की हायकोर्टानं काकांना सोडलं. मावळत्या उजेडात इतक्या लांबून ओळखलं यावर विश्वास ठेवता येत नाही, ओळख परेडच्या आधी काकांचा फोटो पेपरात येऊन गेला होता, टॉमीवरचं रक्त सिद्ध झालेलं नाही. म्हणून संशयाचा फायदा देऊन निर्दोष मुक्तता. वडिलांनी फोन ठेवला आणि देव्हाऱ्यापुढं जाऊन उभे राहिले, पण हात काही जोडले नाहीत.

आम्ही दोघं काकांना आणायला गेलो. तुरुंगाच्या दारातून बाहेर आलेला माणूस मी चटकन ओळखला नाही. केस पिकलेले, खांदे आत ओढलेले. त्यांनीही मला ओळखलं नाही. "ही कोन?" त्यांनी वडिलांना विचारलं. वडील म्हणाले, "आरं, आपली पोरगी." काकांनी माझ्या डोक्यावर हात ठेवायला उचलला आणि मध्येच खाली घेतला.

घरी आल्यावर त्यांच्या कितीतरी सवयी आम्हाला उशिरा कळत गेल्या. ते भिंतीकडं तोंड करून, ताट हातात धरून जेवायचे. परसाकडं जायचं तर आधी आईला विचारायचे, "वैनी, जाऊ का?" आई म्हणायची, "मला काय इचारताय भावजी, घर तुमचंच हाय." ते मान हलवायचे आणि दुसऱ्या दिवशी परत विचारायचे. पिरंगुटच्या चौकात डंपर, कंटेनर आणि कंपन्यांच्या बसेसमधून त्यांना रस्ता ओलांडता येईना. एकेकाळी खचाखच भरलेली जीप हाकणारा माणूस माझा हात धरून उभा राहायचा. कंपनीत कामाला लावावं म्हणून मी कंत्राटदाराशी बोलले. त्यानं पोलिसांचा दाखला आणायला सांगितला. मी म्हटलं, ते निर्दोष सुटलेत. तो म्हणाला, "मॅडम, मला मान्य आहे. वरचे ऐकत नाहीत."

गावातलं बोलणं कानावर यायचंच. पाराजवळ एकदा मी स्वतः ऐकलं, "सुटला म्हंजे काय झालं? केलंच न्हाई आसं कुटं म्हनलंय कोर्टानं? फायदा दिलाय संशयाचा." बोलणारा आमच्या भावकीतलाच होता.

असं दीडेक वर्ष गेलं. काका वडिलांबरोबर शेतावर जायचे, संध्याकाळी परत यायचे. भाताची लावणी उरकली होती. एका रविवारी दुपारी टीव्हीवर जुना हिंदी सिनेमा लागला होता. वडील आत झोपले होते, आई लसूण सोलत होती, काका खाटेवर बसले होते. सिनेमाचं नाव मला कळलं नाही, मधूनच लावला होता. बोलपटांच्या अगदी सुरुवातीच्या काळातला असावा. चित्रावर पाऊस पडल्यासारख्या रेघा होत्या आणि माणसं नाटकातल्यासारखी पल्लेदार बोलत होती. एका गावातला मास्तर. जमीनदाराचा खून होतो आणि आळ मास्तरवर येतो. जमीनदाराच्या घरची मोलकरीण कोर्टात उभी राहून सांगते, मी ह्यांनाच बघितलं. मला ते कळलं तेव्हा मी रिमोट उचलला.

"काका, बदलते हं."

"नगं. ऱ्हाऊ दे."

आईनं माझ्याकडं बघितलं. मी रिमोट खाली ठेवला. काका पुढं सरकून बघत होते. मध्येच म्हणाले, "कोर्टात येवडा उजेड नसतो." मग थोड्या वेळानं, "जज आसं बोलत न्हाई. त्यो खाली मान घालून लिवीत बसतो." मास्तरला शिक्षा होते, त्याची म्हातारी आई पिंजऱ्याच्या दांड्याला धरून रडते. आई म्हणाली, "बंद कर गं ते." काका म्हणाले, "थांबा वैनी. पुडं काय हुतंय बगू."

पुढं व्हायचं तेच झालं. ती मोलकरीण धावत कोर्टात येते, मास्तरच्या पायावर पडते, मैंने झूठ बोला था म्हणते. खरा खुनी जमीनदाराचा मेव्हणा निघतो. जज उभे राहतात आणि म्हणतात की मास्तरला बाइज्जत बरी करण्यात येत आहे. सगळं कोर्ट टाळ्या वाजवतं.

"बाइज्जत म्हंजे?" काकांनी विचारलं.

"मानानं. इज्जतीसकट सोडलं."

"आपल्या कागदात तसं हाय का?"

मी म्हटलं, "निर्दोष मुक्तता म्हटलंय, काका. निर्दोष हा शब्द आहे त्यात."

"पन त्याच्या आदी संशय हाय."

जाहिराती सुरू झाल्या. काका बराच वेळ त्या बघत राहिले. मग म्हणाले, "त्या बाईनं कबूल केलं, खोटं बोलले म्हनून. आपली ती धनगरवस्तीवरची म्हातारी जिती हाय का?"

आवाजानं वडील उठून दारात आले होते. "कशाला उकरून काडतुयास?" ते म्हणाले. "झालं गेलं."

"मला भांडाया जायचं न्हाई, दादा. येकदाच इचारायचंय. तिला कुनी बोलाया लावलं येवडंच."

वडिलांनी चार दिवस नको नको म्हटलं. शेवटी मी म्हटलं, मी जाते बरोबर.

पुढच्या रविवारी आम्ही निघालो. कोळवणच्या जीपचा ड्रायव्हर तरुण होता, काकांना ओळखत नव्हता. त्यानं म्हातारा माणूस म्हणून पुढची सीट दिली, पण काका मागं जाऊन बसले. डोंगराच्या पायथ्याला उतरून आम्ही वर चढलो. खाली ती सगळी फार्महाउसं दिसत होती, लाल कौलं, निळे पोहायचे हौद. त्यातलं ते कोणतं हे मी विचारलं नाही आणि काकांनी दाखवलं नाही.

वस्तीवर चार-पाच घरं, पत्र्याचं छप्पर, कुडाच्या भिंती. कुत्रं भुंकायला लागलं तशी एक बाई बाहेर आली, ती सून. म्हातारी दारापुढच्या दगडावर बसली होती, मांडीवर करडू. मी मनात तिचं जे चित्र धरलं होतं त्यापेक्षा ती कितीतरी लहान होती, वाळलेल्या खारकेसारखी.

"मावशी, वळीखलं का?" काका म्हणाले.

तिनं डोळ्यांवर हात आडवा धरला. "जवळ ये." काका जवळ गेले. तिनं त्यांच्याकडं खालपासून वरपर्यंत बघितलं. "जीपवाला. भऱ्याचा."

"व्हय."

"सुटलास व्हय रं?"

"सुटलो. लई दिस झालं."

"बस. पानी पी." तिनं सुनेला हाक मारली. सुनेनं तांब्या आणून दिला, पण ती तिथून हलली नाही, दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली.

काका पाणी प्यायले. तांब्या खाली ठेवला. "मावशी, तवा कोर्टात तुमी माज्याकडं बोट केलंत. कुनी सांगितलं हुतं तसं कराया?"

"कुनी न्हाई."

"दम दिला आसंल. मी कुनाला सांगनार न्हाई. आता सांगून बी काय हुयाचं न्हाई."

"दम कशाला द्येतील? मी बगितलं ते सांगितलं."

"काय बगितलं?"

"तुला."

करडू तिच्या मांडीवरून उतरून पळालं. तिनं ते जाऊ दिलं. काकांचा आवाज किंचित चढला. "माजा शर्ट बगितला का मला बगितलं, मावशी? दिस मावळला हुता. तुमी हितं वर, मी तितं खाली."

"आता डोळ्यात मोतीबिंदू हाय. तवा न्हवता. तवा मला त्या पल्याडच्या अंगाचं कोकरू दिसायचं." तिनं समोरच्या डोंगराकडं हात केला. "तू फाटकातनं आलास, आन् मान आशी मागं करून बगितलंस. तूच हुतास."

"मी न्हवतो, मावशी. मी कवाच गेलो हुतो पौडला."

"मग तुज्यावानी कोन हुतं?"

"मला काय म्हाईत."

मला राहवलं नाही. मी म्हटलं, "आजी, हायकोर्टानं सोडलंय त्यांना. म्हणजे तुम्ही चुकलाय. माणूस चुकतो की."

तिनं माझ्याकडं मान वळवली. तिच्या बोलण्यात राग नव्हता. "चुकले आसंन, पोरी. न्हाई कशाला म्हनू? पन मला चुकल्यावानी वाटत न्हाई, त्याला काय करू?" मग परत काकांकडं बघून म्हणाली, "मी खोटं न्हाई बोलले, बाबा. कुनाकडनं काय घेतलं न्हाई. तू न्हवतास म्हनतोस तर नसशील. मला तूच दिसतोस."

सुनेनं आत जाऊन चहा टाकला, शेळीच्या दुधाचा. म्हातारीनं विचारलं, "बायकू?" काका म्हणाले, "गेली." "पोरं?" "न्हवती." "आरारा," ती म्हणाली आणि पदरानं तोंड पुसलं. काकांनी चहा संपवला, कपबशी स्वतः नेऊन दारात ठेवली आणि "येतो मावशी" म्हणून निघाले. ती "ये" म्हणाली, सगळ्यांनाच म्हणावं तसं.

उतरताना अर्ध्या वाटेवर काका एका कातळावर बसले. मला वाटलं दम लागला असेल.

"ती खोटं बोलत न्हाई," ते म्हणाले.

"काका, तिची चूकच आहे पण."

"त्ये हायच. पन खोटं न्हाई." ते हातातल्या काडीनं माती उकरत होते. "आत बसून मी येवडी वरसं तिला शिव्या घातल्या. रोज. जेवान झालं की पडायचं आन् तिला शिव्या घालायच्या. म्हनायचो, कुनीतरी हिला फितावलंय, ही रांड पैशाला इकली गेली. त्या शिव्यांवर झोप यायची मला. आता कुनाला घालू?"

मी त्यांच्या शेजारी बसले. खाली रस्त्यावरून एसटी जाताना दिसत होती.

"तुला काय वाटतं?" त्यांनी एकदम विचारलं.

"म्हणजे?"

"मीच हुतो का?"

"काका, असं काय बोलता? तुम्ही नव्हता. आम्हाला सगळ्यांना माहीत आहे."

"कसं म्हाईत? तू कुटं हुतीस तितं?" ते चिडून बोलत नव्हते. खरोखर विचारत होते. "तिनं बगितलं तरी हाय. तुमी नुसतं म्हनताय."

आजही त्यावर मला काही सांगता येत नाही. मी त्यांना ओळखते, एवढंच माझ्याजवळ होतं आणि ते कोर्टात चालत नाही.

त्यानंतर काकांनी तो विषय घरात काढला नाही. वडिलांनी विचारलं, काय म्हणाली म्हातारी? काका म्हणाले, "काय न्हाई. चा पाजला."

त्याच वर्षी माझं लग्न ठरत आलं होतं. मुलगा पौडजवळचा, बँकेत. बघून गेले, पसंती कळवली, सुपारी फोडायचा दिवस ठरला. आणि मग त्यांच्याकडून फोन आला की पत्रिका जुळत नाही. पत्रिका त्यांनी मागितलीच नव्हती. आई स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासायला लागली, घासलेलीच. मला त्या मुलाबद्दल काही वाटत नव्हतं, दोनदा तर बघितला होता. पण बाहेर खाटेवर काका बसले होते आणि फोनवर वडील जे बोलले ते त्यांना सगळं ऐकू गेलं होतं.

आठवड्याभरात त्यांनी स्वतःच काम शोधलं. तुरुंगात ओळख झालेल्या कुणाचा तरी भाऊ लवासाला वॉचमन पुरवायचा. तिथं डोंगरात तळ्याकाठी बांधायला घेतलेल्या कितीतरी इमारती तशाच थांबलेल्या आहेत, त्या राखायला माणसं लागतात. वडील म्हणाले, "तुज्यामुळं न्हाई मोडलं लगीन." काका पिशवीत कपडे भरत होते. "म्हाईत हाय, दादा. पन मी हितं नसलो तर बरं." आईनं त्यांच्याबरोबर तिखट आणि चटणी दिली. ते तिच्या पाया पडले तेव्हा वडील घराबाहेर निघून गेले.

माझं लग्न पुढं कंपनीतल्याच एकाशी झालं. तो साताऱ्याकडचा. मी त्याला आधीच सगळं सांगितलं होतं. त्यानं ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग काका लग्नाला येणार ना?" काका आले. मांडवाच्या अगदी कडेला, आचाऱ्यांच्या बाजूला उभे राहिले आणि तिथूनच अक्षता टाकल्या. त्यांच्या अक्षता आमच्यापर्यंत पोचल्या नसणार. फोटोत ते कुठेही नाहीत.

गेल्या हिवाळ्यात मी एकटीच स्कूटर घेऊन घाटातून त्यांना भेटायला गेले. खाली तळ्याकाठच्या रंगीत इमारतींपुढं पुण्याची पोरंपोरी फोटो काढत होती. काकांची इमारत वर होती, वळणापलीकडं, जिथं पर्यटक येत नाहीत. भिंतींना शेवाळ, गॅलऱ्यांना कठडे नाहीत, काही फ्लॅटना दारं बसवलेली, काहींना नाहीत. काका खाली एका खोलीत राहत होते. त्यांनी भात आणि पिठलं केलं होतं. तब्येत बरी वाटली. माकडांच्या तक्रारी सांगितल्या, पाण्याच्या सांगितल्या. दुसरा वॉचमन बिहारचा होता, तरणा. काका त्याचं कौतुक करत होते, पोरगा रोज आईला फोन करतो म्हणाले. तो त्या दिवशी सुट्टीवर होता.

जेवण होतंय तोवर वरून पाणी पडल्याचा आवाज यायला लागला. कुठल्यातरी मजल्यावर पाइप फुटला असावा. काकांनी किल्ल्यांचा जुडगा काढला आणि दारात थांबले.

"तू चल संगं," ते म्हणाले.

"तुम्ही जाऊन या की, मी भांडी आवरते."

"न्हाई. चल. मी येकटा आत जात न्हाई कुटल्या घरात. त्यो बिहारी आसला की त्याला घिऊन जातो. दोगं पायजेत."

मी त्यांच्यामागून जिना चढले. तिसऱ्या मजल्यावर एका बंद दाराखालून पाणी येत होतं, तिथं ते थांबले आणि त्यांनी दार वाजवलं. आत कुणी राहत नव्हतं, कधीच कुणी राहिलं नव्हतं. ते थोडे थांबले, परत वाजवलं, मग कुलूप काढलं. आत सिमेंटचा वास, जमिनीवर पाणी, कोपऱ्यात पारव्यांची घाण. खिडकीतून तळं दिसत होतं. काकांनी मोरीतली तोटी शोधून पाणी बंद केलं. हात कपड्यांना पुसले. बाहेर येऊन त्यांनी दार ओढलं, कुलूप लावलं, ते दोनदा ओढून बघितलं आणि माझ्याकडं वळले.

"बगितलंस न्हवं तू? तोटीबगर कशाला हात लावला न्हाई."

"बघितलं, काका."

"हां," ते म्हणाले आणि जिना उतरायला लागले.